नत्राचा आलेख वाचताना : उत्पादनाचा पल्ला कसा काढावा?

खतांच्या माहितीपत्रकात, कृषी प्रदर्शनातील फलकावर किंवा विद्यापीठाच्या शिवारफेरीत एक आलेख हमखास पाहावयास मिळतो. आडव्या अक्षावर नत्राची हेक्टरी मात्रा, उभ्या अक्षावर उत्पादन आणि मधे डावीकडून चढत जाणारी, माथ्यावर गोलावणारी व पुढे उतरू लागणारी एक कमान. बहुतेक जण कमानीचा माथा पाहतात, त्याखालची मात्रा वहीत टिपून घेतात आणि पुढच्या फलकाकडे वळतात. परंतु त्या आलेखात याहून अधिक उपयोगाची गोष्ट दडलेली असते. नत्र कमीजास्त करून उत्पादन कोठून कोठपर्यंत हलविता येईल, कमीत कमी किती व जास्तीत जास्त किती मिळेल, हे त्यावरून काढता येते. गणिताच्या पुस्तकात याला फलाची व्याप्ती म्हणतात. आपण त्याला उत्पादनाचा पल्ला म्हणू. युरियाची आणखी एक गोणी टाकावी की नाही, हा प्रश्न खरे तर या पल्ल्याचा प्रश्न आहे.

समजण्यासाठी एक उदाहरण घेऊ. हे आकडे हिशोब सोपा व्हावा म्हणून घेतलेले आहेत. कोणत्याही एका प्रयोगाचे नाहीत. वेळेवर पेरलेला बागायती गहू, मध्यम जमीन, स्फुरद व पालाश सर्व वाफ्यांना सारखेच, फक्त नत्र वेगवेगळे. हेक्टरी उत्पादन असे मिळाले असे समजा :

नत्र ० किलो – उत्पादन १८०० किलो
नत्र ४० किलो – उत्पादन २६३२ किलो
नत्र ८० किलो – उत्पादन ३२०८ किलो
नत्र १२० किलो – उत्पादन ३५२८ किलो
नत्र १६० किलो – उत्पादन ३५९२ किलो
नत्र २०० किलो – उत्पादन ३४०० किलो

आता प्रत्येक ४० किलोमागे उत्पादन किती वाढले ते पाहा. पहिल्या ४० किलोने ८३२ किलो गहू वाढला, दुसऱ्या ४० किलोने ५७६, तिसऱ्याने ३२०, चौथ्याने अवघा ६४ आणि पाचव्याने तर १९२ किलो गहू कमी झाला. ही प्रत्येक वाढ आधीच्या वाढीपेक्षा बरोबर २५६ किलोने लहान आहे. वाढ अशी सारख्या मापाने घटत गेली की आलेखाची कमान वर्गसमीकरणाची आहे असे समजावे. खऱ्या प्रयोगात हे माप इतके नेमके कधीच येत नाही, थोडे पुढेमागे होते. पण बेत हाच असतो.

वाढ घटत का जाते, हे आपण शेतात पाहतोच. उपाशी पिकाला पहिला घास अंगी लागतो. पुढे पुढे पाणी, ऊन, स्फुरद, वाणाची ताकद यांपैकी काही ना काही अपुरे पडू लागते आणि नुसत्या नत्राने काम भागत नाही. जर्मन शास्त्रज्ञ मित्शरलिश याने १९०९ मध्ये घटत्या वाढीचा हा नियम गणितात मांडला. त्याची रेषा एका छताकडे सरकत जाते, पण खाली वळत नाही. प्रत्यक्षात जादा नत्राने गहू माजतो, लोळतो, उशिरा पक्व होतो व उत्पादन घटते. ही घट दाखवायची तर उतरणारी कमान हवी, म्हणून खतांच्या प्रयोगांत वर्गसमीकरणाचा वापर सर्रास होतो.

आपल्या उदाहरणाचे समीकरण असे आहे : उत्पादन = १८०० + (२४ × नत्र) – (०.०८ × नत्र × नत्र). यातील १८०० म्हणजे नत्र न देता जमिनीने दिलेले उत्पादन. २४ हा चढ आहे. सुरुवातीला एक किलो नत्र सुमारे २४ किलो गहू देते. शेवटचा ०.०८ हा लगाम. त्याच्यामागे वजा चिन्ह आहे म्हणून कमान वर जाऊन खाली वळते. तेथे अधिक चिन्ह असते तर आकार वाटीसारखा झाला असता आणि माथ्याऐवजी तळ मिळाला असता. बियाणे उगवायला लागणारे दिवस व तापमान यांचा आलेख काढला तर तो साधारण असाच वाटीसारखा येतो. थंडीत दिवस जास्त लागतात, फार उष्णतेतही जास्त, मधे कमीत कमी. तेथे पल्ला तळापासून वर मोजायचा, इतकाच फरक.

फूटपट्टीने पल्ला काढणे

समीकरण बाजूला ठेवले तरी चालेल. घरातील शाळकरी मुलाच्या वहीतला एक आलेख कागद घ्या. आडव्या अक्षावर १ सेंटिमीटर म्हणजे २० किलो नत्र, उभ्या अक्षावर १ सेंटिमीटर म्हणजे ४०० किलो उत्पादन असे प्रमाण धरा. वरील सहा ठिपके मांडा आणि त्यांमधून हलक्या हाताने एकच सलग कमान काढा. ठिपके सरळ रेषांनी एकमेकांना जोडू नका.

आता फूटपट्टी आडव्या अक्षाला समांतर धरून अगदी खालून हळूहळू वर सरकवा. कमानीला ती पहिल्यांदा कोठे टेकते? १८०० वर, म्हणजे नत्र न दिलेल्या ठिकाणी. तशीच वर सरकवत राहा. ३४०० पर्यंत पट्टी कमानीला एकाच ठिकाणी छेदते. ३४०० वर मात्र ती दोन ठिकाणी भेटते, चढावर १०० किलोपाशी आणि उतारावर २०० किलोपाशी. त्यापुढे दोन्ही छेद एकमेकांच्या जवळ येत जातात, ३६०० वर एकत्र होतात आणि पट्टी त्याहून वर गेली की कमानीचा व तिचा संबंध संपतो. पहिल्या स्पर्शापासून शेवटच्या स्पर्शापर्यंत, म्हणजे १८०० ते ३६०० किलो, हा या शेताचा पल्ला. या जमिनीत, या वाणाला, या पाण्यावर नत्राची मात्रा कशीही बदला, ३६०० च्या वर किंवा १८०० च्या खाली हा आलेख नेत नाही.

येथे दोन ठिकाणी चूक होते. पहिली चूक म्हणजे कमानीची फक्त दोन टोके पाहणे. डाव्या टोकाला १८०० आणि उजव्या टोकाला ३४००, म्हणून पल्ला १८०० ते ३४००, असे लिहून मोकळे होतात. चढणीच्या सरळ रेषेला ही रीत चालते, कमानीला नाही. माथा टोकांच्या मधे असेल तर वरची मर्यादा माथाच ठरवितो आणि खालची मर्यादा दोन टोकांपैकी जे ठेंगणे असेल ते ठरविते. दुसरी चूक तक्त्यातील सर्वांत मोठा आकडा हाच माथा समजण्याची. तक्त्यात ३५९२ हा मोठा आकडा १६० किलोपुढे आहे, परंतु माथा १५० किलोवर आहे. ती मात्रा प्रयोगात दिलेलीच नव्हती.

माथा नेमका शोधण्याची युक्ती सोपी आहे. वर्गसमीकरणाची कमान माथ्याच्या दोन्ही बाजूंना आरशात पाहिल्यासारखी सारखी असते. म्हणून एकाच उंचीवरचे दोन बिंदू घ्यावेत आणि त्यांच्या मात्रांचा मध्य काढावा. ३४०० च्या उंचीवर १०० व २०० हे दोन बिंदू मिळाले, मध्य १५०. समीकरण हाताशी असेल तर २४ ला ०.०८ च्या दुपटीने भागा, उत्तर १५० च येते.

या दोन बिंदूंपाशी थोडे थांबा. १०० किलो नत्र दिले तरी ३४०० किलो गहू आणि २०० किलो दिले तरी ३४०० किलोच गहू. मधले १०० किलो नत्र म्हणजे २१७ किलो युरिया, ४५ किलोच्या जवळजवळ पाच गोण्या. त्या टाकण्याची मजुरी वेगळी. हे नत्र दाण्यात वाढ करीत नाही. काही पाल्यात जाते व मावा वाढवते, काही हवेत उडते आणि काही पाण्याबरोबर झिरपून नायट्रेटच्या रूपात विहिरीच्या, म्हणजे आपल्याच पिण्याच्या पाण्यात उतरते.

कमान कोठे सुरू होते, कोठे संपते

पल्ला सांगताना तो कोणत्या मात्रांसाठी आहे हे सांगितलेच पाहिजे. नुसत्या गणिताच्या दृष्टीने ही कमान दोन्ही बाजूंना खाली अखंड जाते आणि पल्ला ‘३६०० व त्याखालील सर्व संख्या’ असा होतो. पण शेतात उणे नत्र देता येत नाही, म्हणून डावे टोक शून्यावर तोडावे लागते. उजवे टोक प्रयोगात दिलेल्या शेवटच्या मात्रेवर, येथे २०० वर तोडावयाचे. त्यापुढे रेषा ओढली तर काय होते पाहा. समीकरणात ४०० किलो नत्र घातले तर उत्तर येते उणे १४०० किलो गहू! शेताने आपल्याकडूनच चौदा क्विंटल गहू मागावा असा हा प्रकार झाला. समीकरण चुकलेले नाही, त्याला त्याच्या शिवाराबाहेर नेले एवढेच.

याच्या उलट, कमान माथ्याआधीच तोडलेली असेल तर? प्रयोग १२० किलोवर थांबविला असता तर आलेखात फक्त चढच दिसला असता. पल्ला १८०० ते ३५२८ झाला असता आणि वरची मर्यादा माथ्याने नव्हे, उजव्या टोकाने ठरविली असती. असा अर्धा आलेख दाखवून ‘जितके खत तितके पीक’ असे सुचविणारी पत्रके हातात पडतात. तेव्हा कमान वळलेली दिसते की नाही, हे आधी पाहावे. वळलेली नसेल तर माथ्याबद्दल त्या कागदाला काही बोलण्याचा अधिकार नाही. हंगामात युरियाची टंचाई झाली आणि हेक्टरी १०० किलोच नत्र देणे शक्य असले तरी हाच हिशोब. आपला पल्ला तेव्हा १८०० ते ३४०० एवढाच उरतो आणि सर्वांत जास्त उत्पादन शेवटच्या टोकाला मिळते.

पल्ला अरुंद असेल तर

आता दुसरे शेत घेऊ. दरवर्षी भरपूर शेणखत पडणारे, आधी भाजीपाला घेतलेले. समजा त्याचे समीकरण असे आहे : उत्पादन = २९०० + (१० × नत्र) – (०.०५ × नत्र × नत्र). कमान काढून पाहा. नत्राशिवाय २९०० किलो, माथा १०० किलो नत्रावर ३४०० किलो आणि २०० किलो नत्रावर पुन्हा २९०० किलो. म्हणजे दोनशे किलो नत्र टाकणारा शेतकरी अजिबात नत्र न टाकणाऱ्याच्या बरोबरीला येतो.

माझ्या मते आलेखातील सर्वांत महत्त्वाचा आकडा माथ्याचा नसून पल्ल्याच्या रुंदीचा आहे. पहिल्या शेतात नत्राच्या हातात १८०० किलो गहू होता, दुसऱ्यात फक्त ५००. दोन्ही माथ्यांत फरक दोनशे किलोंचाच, पण निर्णय अगदी वेगळे. पहिल्या शेतात नत्र चुकले तर अर्धे पीक जाऊ शकते. दुसऱ्या शेतात हेक्टरी ६० किलो दिले तरी ३३२० किलो मिळतात, माथ्यापेक्षा अवघे ८० किलो कमी. तेथे नत्रावर डोके खपविण्यापेक्षा वेळेवर पेरणी, पाण्याच्या पाळ्या आणि तणनियंत्रण यांकडे लक्ष दिल्यास अधिक लाभ होईल. आपले शेत कोणत्या प्रकारात मोडते याचा अंदाज माती परीक्षणाच्या अहवालातील सेंद्रिय कर्ब व उपलब्ध नत्र या आकड्यांवरून येतो.

माथ्यापर्यंत जावे का?

खर्चाचा हिशोब केला पाहिजे. निमवेष्टित युरियाची ४५ किलोची गोणी २६६ रुपये ५० पैशांना मिळते असे धरू. युरियात ४६ टक्के नत्र असते, म्हणजे गोणीत २०.७ किलो नत्र आणि एक किलो नत्राला सुमारे १३ रुपये पडतात. गहू २४ रुपये किलो धरला तर शेवटच्या एक किलो नत्राने अर्ध्या किलोहून थोडा अधिक गहू दिला तरी त्याचा पैसा निघतो. पहिल्या शेतात ही जागा १४७ किलो नत्रावर येते. माथा १५० वर, म्हणजे जवळजवळ माथ्यावरच!

याचा अर्थ नीट समजून घ्यावा. पुस्तकात सांगतात की फायद्याची मात्रा माथ्याच्या बरीच आधी येते. महाग खताच्या बाबतीत ते खरे आहे. अनुदानामुळे युरिया मात्र इतका स्वस्त पडतो की खिसा आपल्याला माथ्याआधी थांबवतच नाही. थांबायचे कोठे, हे आलेखाच्या आकारावरून ठरवावे लागते. १२० किलोवर ३५२८ किलो गहू आहे आणि १५० वर ३६००. तीस किलो नत्राने ७२ किलो गहू. कागदावर हा फायदाच आहे. पण कमानीचा माथा सपाट असतो. त्या सपाटीवरचा ७२ किलोंचा फरक शेजारशेजारच्या दोन सारख्या वाफ्यांतही सहज पडतो. शिवाय आलेख सर्वसाधारण वर्षाचा असतो. ओंब्या भरत असताना अवकाळी पाऊस व वारा आला तर माजलेला गहू आधी लोळतो आणि ते नुकसान ७२ किलोंवर थांबत नाही. वेळेवर पेरणीच्या बागायती गव्हाला हेक्टरी १२० किलो नत्र, ६० किलो स्फुरद व ४० किलो पालाश अशी शिफारस आहे. आपल्या उदाहरणातही मी १२० वरच थांबेन.

कमान कायमची नसते, हेही लक्षात ठेवावे. पूर्वीच्या उंच गव्हांना नत्र थोडे वाढविले की ते लोळत, म्हणून त्यांचा माथा ठेंगणा आणि डावीकडे असे. सोनोरा-६४ व लर्मा रोहो हे बुटके मेक्सिकन गहू भारतात आले, १९६६ मध्ये त्यांचे १८ हजार टन बियाणे आयात झाले आणि कमानीचा माथा उजवीकडे व वर सरकला. हरितक्रांती आलेखावर दाखवायची झाल्यास ती एवढीच रेघ आहे. वाण बदलला, पाण्याच्या पाळ्या कमी झाल्या, पेरणी लांबली की जुना पल्ला नव्या पिकाला लावू नये.

आपल्या शेताची कमान

ज्यांना आपल्या शेताचा पल्ला काढावयाचा आहे त्यांनी येत्या रब्बीत गव्हाच्या एका कोपऱ्यात १० मीटर × १० मीटरचे सहा वाफे आखावेत. असा एक वाफा म्हणजे एक आर, जवळजवळ एक गुंठा. जमिनीचा पोत सगळीकडे सारखा असावा. प्रत्येक वाफ्याला पाटातून स्वतंत्र पाणी द्यावे. एका वाफ्याचे पाणी दुसऱ्यात गेले तर नत्रही जाते. नत्राविना ठेवावयाचा वाफा उताराच्या वरच्या अंगाला घ्यावा.

सर्व वाफ्यांना पेरणीच्या वेळी ३ किलो ७५० ग्रॅम सिंगल सुपर फॉस्फेट आणि ६७० ग्रॅम म्युरेट ऑफ पोटॅश द्यावे. येथे डीएपी वापरू नये, कारण त्यात १८ टक्के नत्र असते व शून्याचा वाफा शून्याचा राहत नाही. युरिया पहिल्या वाफ्याला नाही, पुढच्यांना अनुक्रमे ८७० ग्रॅम, १ किलो ७४० ग्रॅम, २ किलो ६१० ग्रॅम, ३ किलो ४८० ग्रॅम आणि ४ किलो ३५० ग्रॅम. यातील निम्मा पेरणीला व निम्मा २१ दिवसांनी, मुकुटमुळे फुटण्याच्या वेळी पाण्याबरोबर. या मात्रा हेक्टरी ०, ४०, ८०, १२०, १६० व २०० किलो नत्राच्या होतात. जागा असेल तर हाच संच शेतात आणखी दोन ठिकाणी करावा व सरासरी घ्यावी. एकाच संचावर फार विसंबू नये.

कापणी करताना कडेचा गहू सोडून मधला ८ मीटर × ५ मीटरचा तुकडा वेगळा कापावा, मळून चांगला वाळवून वजन करावे. तो तुकडा ४० चौरस मीटरचा असल्याने किलोतील वजनाला २५० ने गुणले की हेक्टरी उत्पादन मिळते. १४ किलो ४०० ग्रॅम भरले तर ३६०० किलो. वजनाबरोबर वाण, पेरणीची तारीख, पाण्याच्या पाळ्या आणि कोणता वाफा कधी लोळला याची नोंद ठेवावी. मग ठिपके मांडावेत, कमान काढावी आणि फूटपट्टी खालून वर सरकवावी. एखादा ठिपका कमानीपासून थोडा दूर पडला तर बिघडत नाही. पण २०० किलोपर्यंत ठिपके चढतच राहिले आणि कमान वळली नाही, तर वहीत ‘माथा मिळाला नाही’ असे स्पष्ट लिहावे आणि शेवटच्या वाफ्याचे उत्पादन हीच त्या वर्षापुरती पल्ल्याची वरची मर्यादा धरावी.